बारा मिनिटांपूर्वी

खांद्याचं हाड मोडून तुवा डिसेंबरभर घरी आहे.
डावा हात झोळीत. उजव्याची सगळी बोटं
आणि डाव्याची दोनच, डॉक्टरांना न सांगता,
वापरून ती पडद्यावरच्या रानात शिकार करते.
मी मागच्या खुर्चीत बुटांना मेण लावत बसतो
आणि गप्प राहायचं ठरवतो. जमत नाही.

खूर उमटलेला दिसला की ती वाकते, बटण दाबते,
आणि खूर बोलायला लागतो:
नर. चालत होता. बारा मिनिटांपूर्वी.
वर निळा उजेडही, म्हणजे चुकायला नको.
अगं, मी म्हणतो, एकतीस वर्षं खुरांना विचारतोय,
एकाने मला कधी वेळ सांगितली नाही.
"तू बटण दाबलं नसशील, बाबा."

मी सांगतो, कडा बघ. बोट घालून बघ,
आतला बर्फ साखरेसारखा सुटा की खडीसाखरेसारखा घट्ट.
लेंडी हातात घे. हो, हातात.
शी, म्हणते, आणि पुढच्या निळ्या खुरावर जाते.
तिचा एल्क सरळ पळतो,
सरकारी बससारखा, थांबे ठरलेले.

पावणेदहाला पोलिसांचा फोन.
ई-चौदा रस्ता, लाकूडगिरणीच्या अलीकडे,
व्होल्वोच्या फुटक्या काचेत एल्कचे केस; एल्क नाही.
चालवणाऱ्या बाई बऱ्या आहेत, रडताहेत.
मी रिपाच्या गळ्यात पट्टा अडकवतो.
तुवा खेळ थांबवते, तिथेच, वाकलेल्या अवस्थेत.
टॉर्च मी धरते, म्हणते. एका हाताचं काम आहे.

उणे सतरा.
अशा वेळी रक्त फार नसतं, मार आतला असतो.
चराजवळ एक ठिपका, बोराएवढा,
मग तीनशे पावलं मागमूस नाही.
रानात काही चमकत नाही, हे तिला
टॉर्च फिरवता फिरवता कळत गेलं. मी बोललो नाही.
रिपा वाचत होती, नाक खाली,
मध्येच एखाद्या ओळीवरून परत.

भूर्जांच्या पुढे माग उजवीकडे वळला.
पुन्हा उजवीकडे.
"चकवा लागलाय आपल्याला," तुवा कुजबुजली.
आपल्याला नाही. तो फिरवतोय.
घायाळ एल्क नेहमीच पळत सुटत नाही;
वळसा घेतो, वाऱ्याच्या खालच्या अंगाला येतो
आणि आपल्याच मागाकडे तोंड करून बसतो,
कोण येतंय बघत.
मघापासून आमचाही कुणी अंदाज घेत होतं.

बसल्याची जागा रिपाला सापडली.
बाथटबएवढा खळगा, चार लांब केस.
तुवाने हातमोजा दातांनी ओढला
आणि तळवा आत ठेवला.
किती, मी विचारलं.
ती बराच वेळ तशीच.
"आत्ता," म्हणाली. "आत्ताच उठलाय."

मी तो, तो म्हणत होतो. मादी होती.
तीस पावलांवर, फरच्या झाडांत,
मागचा एक पाय जमिनीला न टेकवता उभी.
टॉर्चचा झोत हलला नाही.
एक गोळी. मग लांब काठीने मी डोळ्याला स्पर्श केला,
पापणी हलते का बघायला.
ही काठी खेळात नाही.

घरी आलो तेव्हा दोन वाजून गेले होते.
रिपा शेगडीपुढे आडवी. मी कॉफी ठेवली.
पडद्यावर शिकारी तसाच वाकलेला,
बर्फाचे कण हवेत अडकलेले, निळ्या खुरावर
नर. चालत होता. बारा मिनिटांपूर्वी.

तुवा उभ्यानेच बघत राहिली.
बटण दाबलं नाही, बंदही केलं नाही.
तळवा नाकाशी नेऊन एकदा हुंगला.
"बाबा, तिच्यासोबत पिल्लू असेल?"
रस्त्यापाशी मला एकच माग दिसला होता.
दिसला तेवढाच.
उजाडलं की बघू, म्हणालो.
उजाडायला सात तास होते.
तिने माझ्यापुढची मेणाची डबी ओढली,
गुडघ्यांत बूट धरला
आणि एका हाताने चोळायला लागली.